अम्मीचा आवाज

रुमाना नेमकं काय करते, ते एका शब्दात सांगता यायचं नाही. ती शिवते, फिल्म काढते, आवाज रेकॉर्ड करते आणि कधी स्वतःच त्या सगळ्यात उभी राहून बोलते. तिचे वडील मैनुद्दीन कसबा पेठेत गाद्या शिवतात. ते म्हणतात, पोरगी कलाकार आहे; कसली, ते तिलाच विचारा.

या वेळी तिनं गल्लीतल्या घराघरांतून जुने कपडे मागून भिंतभर गोधडी शिवली. गोधडीमागून तिच्या अम्मीचा, सुरय्याचा, आवाज यायचा. सुरय्या लोणी काळभोरची. घरात ती दखनी, म्हणजे इकडची मराठी मिसळलेली हिंदी, बोलते, पण मनातलं सांगायचं असलं की माहेरच्या मराठीवर येते. शेतातली विहीर, लग्नानंतर पेठेतल्या पहिल्या वर्षात आलेलं रडू, सगळं तिनं त्याच बोलीत सांगितलं होतं.

हे काम जिथं मांडायचं होतं, ती आर्ट गॅलरी चालवणाऱ्या शौनकला गोधडी आवडली, आवाज खटकला. तो सभ्यपणे म्हणाला, लोकांचा गोंधळ होईल. तुमच्या भाषेत, म्हणजे उर्दूत केलंत तर ओळखीचा प्रश्न ठळक होईल. 'मूळचे कुठले?' हा प्रश्न रुमाना शाळेपासून ऐकत आली होती. तिनं सांगितलं, अम्मीला तसली उर्दू येत नाही आणि आवाज बदलणार नाही. शौनकनं मान हलवली. तिला वाटलं, विषय मिटला.

उद्घाटनाला सुरय्या ठेवणीतली साडी नेसून आली. गोधडीजवळ थांबून ऐकू लागली. स्पीकरमधून कुणाचातरी कमावलेला, गोड उर्दू आवाज येत होता.

"ही कोण बाई?" तिनं हळूच विचारलं.

रुमानानं शौनककडे पाहिलं. आजचा दिवस चालू दे, नंतर बोलू, असं तो पुटपुटला. तिनं जाऊन स्पीकरचा प्लग उपटला.

"हा आवाज माझ्या कामातला नाही," ती म्हणाली. "माझ्या कामातला आवाज जिचा आहे, ती इथंच उभी आहे."

बोलून गेल्यावर तिच्या लक्षात आलं, सगळ्यांसमोर बोलशील का, हे अम्मीला आपण विचारलंच नाही. पण सुरय्यानं पदर सावरला.

"मी लोणीची हाय," ती म्हणाली, आणि सांगत गेली. रेकॉर्डिंगमध्ये नव्हतं तेही सांगितलं. मागं कुणीतरी हसलं, मग तेही थांबलं.

नंतर शौनक म्हणाला, हे फार पॉवरफुल झालं, अम्मींना रोज आणता येईल का? रुमानानं स्टूल ओढलं आणि गोधडी उतरवली. मायलेकींनी दोन टोकं धरून तिथंच घडी घातली आणि सगळ्यांच्या मधून ती बाहेर नेली.

रविवारी गोधडी गल्लीत, समोरासमोरच्या खिडक्यांना दोरी बांधून टांगली. खाली खुर्चीत सुरय्या बोलत होती. शेजारच्या मंदाकिनीबाई चष्मा लावून बराच वेळ वर पाहत राहिल्या.

"आमच्या ह्यांचा शर्ट उलटा शिवलायस," त्या म्हणाल्या.

"उलटाच राहील," रुमाना म्हणाली.

मंदाकिनीबाई घरात गेल्या, स्वतःची खुर्ची घेऊन आल्या आणि सुरय्याला म्हणाल्या, जरा मोठ्यानं बोला.