तीन मिनिटांत एक नाव

(आधी.)

१९५६, ऑक्टोबर. हैदराबाद राज्य मोडत होतं आणि कारकुनांची वाटणी चालली होती. बाबा हैदराबादच्या कचेरीत. अर्जात ‘मुंबई’ किंवा ‘आंध्र’ लिहायचं, शेवटचा दिवस, चारच्या आत.

आमचं तलमडुगु आंध्रात जाणार होतं. घरात ठरलं होतं. आजी तलमडुगु सोडायला तयार झाली, तर फोन नाही. बाबा ‘मुंबई’ लिहितील. ती अडून बसली, तर आईनं आदिलाबादला वामनरावांच्या दुकानातून फोन करायचा. बाबा ‘आंध्र’ लिहून घरी बदली मागतील.

आजी अडून बसली. “माले इथून हलवू नका.”

सकाळी सांगितलेला ट्रंक कॉल तीनला लागला. “घ्या वहिनी, निवांत बोला.” नवरा-बायकोचं बोलणं ऐकू नये म्हणून वामनराव दार ओढून बाहेर बसले. भला माणूस.

(पहिलं मिनिट.)

पलीकडे कचेरीतला माणूस. “किसकू बुलाऊँ, अम्मा? नाम बोलो.”

आईनं पदर पुढे ओढला. “आमच्या घरचे.”

“कौन?”

“गयाचे बापू.” गया म्हणजे मी.

पलीकडे हसणं. “यहाँ सब किसी के बापू हैं, अम्मा!”

(दुसरं.)

“तलमडुगुचे. चष्मा लावतेत.”

“नाम?”

लग्नाच्या उखाण्यानंतर आईनं ते नाव कधी उच्चारलं नव्हतं. तिचे ओठ हलले. मी पाहिलं. आवाज निघाला नाही.

(तिसरं.)

तारेतली खरखर. मग ऑपरेटर, “टाइम हो गया.”

बाहेर वामनरावांनी विचारलं, “झालं बोलणं?”

“झालं,” आई म्हणाली.

(नंतर.)

बाबांनी ‘मुंबई’ लिहिलं. नेमणूक बुलढाण्याला. आई आजीपाशी राहिली, आजी जाईपर्यंत. अकरा वर्षं. बाबा दिवाळीला यायचे, पाहुण्यासारखे.

पहिल्याच दिवाळीला त्यांनी विचारलं होतं, “काऊन नाही केला फोन?”

“लागलाच नाही.”

म्हातारपणी आदिलाबादजवळ मावल्याच्या घरात फोन आला, तेव्हा बाबांनी त्याला कधी हात लावला नाही. “याचा भरवसा नाही. यानंच आपलं वाटोळं केलं.” आई रोज फडक्यानं तो पुसायची.

(चौथं. हे मिनिट कुणी मोजलं नाही.)

दुकानात मी तिचं लुगडं धरून उभी होते. पाच वर्षांची. मला नाव येत होतं. मी म्हणाले असते, महिपत.

मला कुणी विचारलं नाही. मीही बोलले नाही.