मागच्या रांगेतलं पान

आई गेल्यावर तिच्या फोनमध्ये तिचा आवाज सापडेल, अशी मुलीला आशा होती. सापडले ते नुसते मिस्ड कॉल. आईला बोलण्याचं वावडं नव्हतं, सवयच मोडली होती. तिचा सगळा जन्म वेलघरात गेला, आणि वेलघरात कामगारांनी तोंड उघडायचं नाही, हा पहिला नियम.

कारण तिथल्या वेली ऐकतात. वाढता शेंडा आसपासचा आवाज पिऊन घेतो आणि त्या जागी जे पान फुटतं, त्यात तो राहतो. शेंडा पुढे सरकतो, पान आपल्या जागी थांबतं. त्यामुळे काचेच्या त्या उंच घरात काळ उभा वाढतो. जमिनीलगत कुणाच्या पणजोबांचा खोकला, कमरेपाशी कुणाच्या आत्याचं बेसूर गाणं, छताजवळ परवाचं भांडण. माणसं येतात, आपापल्या घरच्या वेलीशी बोलून जातात. पुढे कधी फारच आठवण आली, तर पानाला तळहाताची ऊब देऊन ते कानाशी धरायचं. एकदाच. ऐकून झालं की पान गळतं.

एवढ्या पानांत आईचं एकही नव्हतं. जगाचे आवाज जपले आणि स्वतःचा मागे ठेवला नाही, याचा मुलीला राग होता. राग करायलाही आता समोर कुणी नव्हतं.

अशात मावशीचा निरोप आला, दोघं भावंडं ताबडतोब या. मावशी म्हणजे आईची कामावरची जोडीदारीण. दिवसभर गप्प बसण्याचा सूड ती फाटकाबाहेर पाऊल पडताच उगवायची.

“आईचं एक पान आहे तुमच्या,” कामगारांच्या खोलीचं दार लावून घेत मावशी म्हणाली. “मागच्या रांगेत. तिथल्या वेली कुणाच्याच नाहीत, आम्ही रोपं करायला ठेवलेल्या. आता वाळत चालल्यात, उद्या उपटणार. म्हटलं, सांगावं.”

“आई आत बोलली?” भाऊ म्हणाला. घरात त्याला ठेंगू म्हणत. आता तो दारातून वाकून आला होता. “आपली आई?”

“तर! ही तुझी ताई लहान होती, तापानं फणफणलेली, घरी कुणी नाही, म्हणून सोबत आणली होती. तापातसुद्धा हिची टकळी चालूच. तुमची आई तरी किती वेळ गप्प बसणार? मी नंतर म्हटलं, अगं, खुडून टाक ते पान, साहेबांच्या कानावर गेलं तर घरी बसवतील. नाही म्हणाली. उलट पाणी घालायला रोज तिकडूनच सुरुवात.”

“तिनं ऐकलं कधी?” मुलीनं विचारलं.

“वेडी का तू? ऐकलं की गेलं ना.”

मग ठेंगू म्हणाला, “ताई, तू ऐक.”

“तुला नको?”

“हवंय ना. म्हणूनच तू जा. मी ऐकलं तर बाहेर येईपर्यंत रडून निम्मं विसरेन. दुकानातून सामान आणायला आई तुलाच पाठवायची.”

“तू निम्मं वाटेत खायचास म्हणून.”

“तेच म्हणतोय.”

आत दमट शांतता होती. मावशीनं बोटानं पान दाखवलं आणि ती पाठ फिरवून उभी राहिली. पान गुडघ्याच्या उंचीवर होतं, कडेनं पिवळं पडलेलं. मुलगी ओल्या मातीत बसली. तिनं पान तळहातात धरलं, त्याला ऊब लागू दिली आणि कान टेकवला.

आधी कात्रीचा आवाज आला. मग एका चिरक्या पोरीचा: “आई, यांना कान कुठे असतात? आई, सांग ना! आई!” ही आपण, हे कळायला तिला एक क्षण लागला. मग कुणीतरी नाकातल्या नाकात हसू दाबलं. आणि अगदी जवळून, नुसत्या श्वासावर: “शूऽऽ. चार रोपं राहिलीत गं. मग बाहेर जाऊ. मग बोल हवं तेवढं. सगळं ऐकते.”

पुन्हा कात्री. पान सुटून तिच्या मांडीवर पडलं.

बाहेर ठेंगू उभाच होता. “कसा होता आवाज?”

“नव्हता,” ती म्हणाली. “कुजबुजली रे नुसती. कुजबुजीत आवाज कुठे असतो? ती कुणीही असू शकली असती.” इतका वेळ धरून ठेवलेलं रडू आता आलं.

ठेंगूनं ते ओसरू दिलं. “पण काय म्हणाली?”

ती सांगायला लागली आणि मध्येच थांबली. मग तिनं त्याच्या खांद्याला धरून त्याला खाली वाकवलं, त्याच्या कानाशी तोंड नेलं आणि नुसत्या श्वासावर ते शब्द म्हटले, मधले थांबे होते तेवढेच ठेवून.

ठेंगूनं डोळे मिटले होते. ती थांबली तरी तो वाकलेलाच राहिला.

“ताई,” तो म्हणाला, “तू आता काही बोलू नकोस.”