मोडकी शिडी आणि सख्खा भाऊ

सकाळपासून वायरमनचा जीव खालीवर होत होता. लेकीला डॉक्टरकीच्या कॉलेजात जागा मिळाली होती, पण पडताळणी समितीनं तिचा जमातीचा दाखला नाकारला. प्रवेशाची मुदत आज संध्याकाळी संपायची. कोर्टानं त्याआधी काही केलं नाही, तर जागा दुसऱ्याची.

आणि मेख त्यानं स्वतःच मारून ठेवली होती. त्याच्या थोरल्या भावाचा दाखला याच समितीनं मागेच वैध ठरवला होता. भावाचा खरा, तर पुतणीचा खोटा कसा? पण चौकशीचा माणूस घरी आला तेव्हा वायरमन शेजाऱ्याकडून मागून आणलेल्या शिडीवर चढून पंखा बसवत होता. स्वतःची शिडी भावानं नेली होती आणि पायरी मोडून परत दिली होती. तेव्हापासून दोघांत बोलणं बंद. माणसानं भावाचं नाव काढलं मात्र, वायरमन वरूनच कडाडला, "मला भाऊबिऊ कोणी नाही!"

माणसानं ते तसंच लिहून घेतलं. नातं सिद्ध होत नाही, असं म्हणून समिती मोकळी झाली.

कोर्टाच्या व्हरांड्यात लेकीच्या वकीलबाईंच्या शेजारी थोरला उभा दिसला, टॅक्सीवाल्याच्या गणवेशात.

"याला कोणी बोलावलं?"

"मी," लेक म्हणाली. "काकांनी सकाळीच प्रतिज्ञापत्र दिलंय. बाबा, आता विचारल्याशिवाय तोंड उघडायचं नाही."

"काही लोकांना म्हणावं, पोरगी माझीही आहे," थोरला भिंतीला उद्देशून म्हणाला.

तेवढ्यात पुकारा झाला. सगळे आत धावले.

"खुद्द वडीलच म्हणतात, मला भाऊ नाही," सरकारी वकील म्हणाले. "मग हे काका आले कुठून?"

"रागाच्या भरात बोलले ते!" वकीलबाई म्हणाल्या.

न्यायाधीशांनी चष्मा काढला. "वडील आलेत? पुढे या. तुम्हाला भाऊ आहे की नाही?"

वायरमन पुढे झाला.

"आहे, साहेब. सख्खा. एका आईची लेकरं आम्ही." इथं थांबायला हवं होतं. पण जिभेला हाड नाही! "पण त्यानं माझी शिडी मोडली."

"मुळात कुजकीच होती ती!" मागून थोरला ओरडला.

"कुजकी? बापाच्या हातची शिडी ती!"

"माझाही बापच होता तो!"

हशा पिकला. सरकारी वकिलांनी फाइलीआड तोंड लपवलं.

"यापेक्षा सख्खं कसं असतं?" न्यायाधीश म्हणाले. "शिडीचा वाद मात्र आमच्यापुढे नाही." आणि ते लघुलेखिकेकडे वळून सांगू लागले: समितीच्या आदेशाला स्थगिती. अंतिम निकालाच्या अधीन राहून मुलीला आजच प्रवेश द्यावा.

आदेशाची प्रत हाती पडताच वकीलबाई ओरडल्या, "बघताय काय? पळा!"

तिघंही जिन्यावरून धडाधडा उतरले. लेक मागच्या सीटवर, वायरमन नाइलाजानं पुढे. टॅक्सी सुसाट निघाली आणि पहिल्याच लाल दिव्याला अडकली.

वायरमननं समोर बघतच विचारलं, "पायरी तूच मोडलीस ना?"

"मोडली," थोरला म्हणाला. "तिच्यावरून पडून घोटा निखळला होता माझा. तू विचारलंस तरी?"

वायरमन एकदम खिडकीबाहेर हात काढून पुढच्या गाड्यांना ओरडू लागला, "अरे हला! दिवा हिरवा झाला! दादा, डावीकडून घाल!"