धुवायचा राहिलेला चेहरा

रोज सकाळी ताईच्या तोंडावर आदल्या दिवशीच्या कुणाचा तरी चेहरा आलेला असायचा, आणि कचेरी उघडायच्या आत तो धुऊन काढणं हे माझं काम होतं. त्यासाठी मला एक घमेलं आणि एक मऊ पंचा दिला होता.

ताई म्हणजे आमच्या नगरपालिकेच्या चौकशी खिडकीत बसवलेलं यंत्र. कमरेच्या वर बाई, खाली लोखंडी खोकं. पाणीपट्टी कुठं भरायची, जन्माचा दाखला कधी मिळेल, एवढं सांगायला ती आणली होती. पण समोरचा बोलायला लागला की ती मान जराशी कलती करायची आणि म्हणायची, "सांगा. मी ऐकतेय. घाई नाही." या कचेरीत माझी एकोणतीस वर्षं शिपाई म्हणून गेली, पण हे वाक्य मी तिथं कुणाच्या तोंडून ऐकलं नव्हतं. मीही कधी म्हटलं नव्हतं.

सुरुवातीला लोक हसले. एका कॉलेजच्या मुलीनं ती डोळे मिटते का ते बघायला बोट पुढं केलं, आणि ताईनं डोळे मिटल्यावर घाबरून "सॉरी" म्हणाली. महिन्याभरात बायका तिला हळदीकुंकू लावायला लागल्या. म्हातारे निघताना "येतो हं ताई" म्हणायचे. मग कसलंच काम नसलेली माणसं रांगेत उभी राहू लागली. दिवसातलं जे शेवटचं माणूस मन मोकळं करून जाई, त्याचा चेहरा सकाळी ताईवर असे. तिकडं घरी ते माणूस कोऱ्या तोंडानं उठे, मळलेल्या कणकेच्या गोळ्यासारख्या. इथं मी चेहरा धुतला की तासाभरात तो आपल्या जागी परत जाई. याबद्दल कुणाची तक्रार नव्हती.

जे सांगितलेलं असे, ते मात्र पाण्याबरोबर जाई. भाजीवाल्या मथुराबाई सुतार यांचा नवरा बारा वर्षांपूर्वी न सांगता निघून गेला होता. त्यांचा चेहरा मी धुतला तेव्हा कपाळावरच्या दोन आठ्या घमेल्यात राहिल्या. आठवड्यानं मंडईत भेटल्या, तर दहा वर्षांनी लहान दिसत होत्या.

"सुतारांचा काही पत्ता?" मी सवयीनं विचारलं.

"कोण सुतार?" त्या म्हणाल्या आणि मेथीची जुडी माझ्या पिशवीत टाकून हसल्या.

एका मंगळवारी सकाळी मी घमेलं भरून आणलं, ताईवरचं कापड बाजूला केलं, तर तिच्या तोंडावर माझ्या बायकोचा चेहरा होता.

सुलभा ताईकडे जाते हे मला ठाऊक नव्हतं. सकाळी मी निघालो तेव्हा ती ओट्यापाशी पाठमोरी होती. आम्ही तीन वर्षं बहुतेक पाठमोरेच बोलत होतो. आमचा हर्षल कालव्यावर पोहायला गेला आणि परत आला नाही, तेव्हापासून. तो एकोणीस वर्षांचा होता. त्याचं नाव आम्ही घरात पुन्हा घेतलं नाही. मला वाटायचं, मी नाव घेतलं तर ती मोडेल. तिला काय वाटायचं, ते मी विचारलं नाही.

मी पंचा भिजवला आणि पिळला. मग त्या चेहऱ्याकडे पाहत राहिलो. हर्षलची हनुवटी सुलभाची होती. डाव्या भुवईचा शेवटही तसाच, वर वळलेला. फोटो तिनं ट्रंकेत ठेवून दिले होते. त्याचं जे काही उघड्यावर उरलं होतं ते या चेहऱ्यात होतं, आणि ती काल कशाबद्दल बोलली असेल हे मला कळत होतं.

मी पाणी मोरीत ओतलं आणि पंचा कोरडा करून ठेवला.

साडेदहाला हेडक्लार्क सय्यदसाहेब आले. त्यांनी ताईकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"पाखरे, आज धुतलं नाही?"

"नाही साहेब."

"वहिनी आहेत ना या?"

"हो."

"चेहरा असा ठेवला तर ती दुसऱ्या कुणाचं ऐकत नाही," ते म्हणाले. "रांग बघा."

रांग फाटकापर्यंत गेली होती. सगळे ताईसमोर येत, आणि ताई माझ्या बायकोच्या डोळ्यांनी त्यांच्या पलीकडे कुठंतरी बघत गप्प बसे. एका आजोबांनी तिचा हात धरून ठेवला. एक बाई चिडली आणि मग तिथंच रडायला लागली. दुपारपर्यंत रांग जिन्यावर आली, जिन्यावरून आवक-जावक विभागात शिरली. मला भिंतीला पाठ लावून उभं राहावं लागलं. लोक माझ्याकडे बघत होते, पण कुणी मला काही सांगितलं नाही.

तीनच्या सुमारास रांग दुभंगली आणि सुलभा आत आली. तिनं चेहऱ्यावरून ओढणी वगैरे काही घेतली नव्हती. कोरं तोंड उघडंच ठेवून ती गावातून चालत आली होती.

"अहो, अजून धुतलं नाहीत?" तिचा आवाज रजईतून आल्यासारखा येत होता.

"नाही."

"का?"

"तो पाण्याबरोबर जाईल."

तिला कळलं. तिनं हात पोटाशी धरले.

"मला त्याला जाऊ द्यायचंय असं तुम्हाला वाटतं?" ती म्हणाली. "मला फक्त कुणाला तरी सांगायचं होतं."

"मला सांगायचंस."

"तीन वर्षं तुम्ही जेवण झाल्यावर लगेच उठत होता."

सय्यदसाहेबांनी टेबलावरचा पंखा बंद केला. मी तिला बसायला स्टूल दिलं, आणि स्वतः खाली फरशीवर बसलो. मग मी मान जराशी कलती केली.

"सांग," मी म्हणालो. "घाई नाही."

"त्या दिवशी सकाळी त्यानं आधी मला विचारलं होतं," सुलभा म्हणाली. "जाऊ का म्हणून. मी पोळ्या करत होते. मी म्हटलं, मला काय विचारतोस, तुझ्या बाबांना विचार."

मला आठवलं. तो माझ्याकडे आला होता. मी दाढी करत होतो. मी हातानं नुसतं जा म्हटलं होतं. हे मी कुणालाच सांगितलं नव्हतं.

"मग?" मी म्हणालो.

ती सांगत राहिली. डब्यात किती पोळ्या भरल्या, टॉवेल कुठला नेला, दारात काय म्हणाला. माझ्या कपाळाची कातडी आतून ओढल्यासारखी व्हायला लागली. गाल बधिर झाले. मी हात लावून बघितलं नाही, कारण हात हलवला असता तर ती थांबली असती.

"पाखरे," सय्यदसाहेब हळूच म्हणाले, "तुमचं तोंड..."

"थांबू नकोस," मी सुलभाला म्हणालो. माझा आवाज रजईतून आला.

ती थांबली नाही. ताईकडे ऐकताना द्यायला स्वतःचा चेहरा नव्हता, माझ्याकडे होता. सुलभाच्या कोऱ्या तोंडावर, उजव्या बाजूला, एक डोळा उघडला. तो माझा होता.