एकदाच घेतलेलं नाव

कोर्टाच्या व्हरांड्यात तारखांना येऊन बसायला लागून बाळाबाईला चार वर्षं झाली होती. शेजारी रंभाबाई, तिची सवत. दोघी सकाळच्या एसटीनं मुळशीहून एकत्र आल्या होत्या, एकाच फडक्यातली भाकरी खाऊन. कागदावर मात्र त्या एकमेकींच्या वैरिणी होत्या.

भांडण दोघींच्या नवऱ्याच्या, कोंडाजीच्या पेन्शनचं. तो पाटबंधारे खात्यात चौकीदार होता. रंभाबाईला मूल होईना, म्हणून तिनंच पुढाकार घेऊन बाळाबाईला घरात आणलं. पुढं तिचीही कूस उजवली नाही, ती गोष्ट वेगळी. खात्याच्या कागदावर नाव रंभाबाईचंच राहिलं. पण पेन्शनच्या अर्जाला नवरा-बायकोचा जोडफोटो लागायचा, आणि त्या दिवशी नेमकी भातलावणी. रंभाबाई गुडघाभर चिखलात उभी.

"तूच जा गं, फोटूच तर काढायचा हाय," ती म्हणाली.

बाळाबाई गेली, ठेवणीतलं लुगडं नेसून. झालं! नाव एकीचं, तोंड दुसरीचं. कोंडाजी वारला आणि साहेबांनी अर्ज बाजूला सारला. त्यात बाळाबाईच्या भावाला, अमोलला, शहाणपण सुचलं. फोटो तुझा तर पेन्शन तुझी, म्हणून त्यानं तिलाही दावा ठोकायला लावला. मग काय, तारखांवर तारखा. कोर्टाच्या पायऱ्या झिजवून दोघी पार थकल्या. शेवटी एका संध्याकाळी चुलीपुढं बसून त्यांनीच ठरवलं: पेन्शन रंभाबाईच्या नावावर, खायचं दोघींनी.

पण गौतमी वकीलबाईंनी बाळाबाईला बजावलं होतं. "नोकरीत असताना दोन बायका होत्या म्हटलं, की खातं नवी हरकत काढेल. मावशी, तुम्ही कोंडाजींच्या घरी कामाला होता, फोटो चुकून लागला, एवढंच सांगा. आणि त्यांचं नाव स्पष्ट घ्या. 'आमचे हे' वगैरे नको, नाहीतर तुम्हीही बायकोच हे जजसाहेब लगेच ओळखतील."

तीस वर्षांत ते नाव बाळाबाईनं तोंडातून काढलं नव्हतं. आळीत दुसरा एक कोंडाजी होता, त्याला ती "त्या नावाचे" म्हणायची. आठवडाभर रंभाबाई तिच्याकडून घोकून घेत होती, तीही स्वतः नाव न घेता! "म्हण की," एवढंच म्हणायची. बाळाबाईचं तोंड उघडायचं आणि तसंच मिटायचं.

पुकारा झाला. आधी रंभाबाई उभी राहिली.

"मयताचं नाव?" जजसाहेबांनी विचारलं.

रंभाबाईनं पदर पुढं ओढला. "आमचं ह्ये."

"नाव सांगा, बाई."

"कागदावर हाय की, सायब. तुमीच वाचा."

जजसाहेब हसले आणि त्यांनी स्वतःच नाव टाइप करायला सांगितलं. हिला आणखी पुरावा कशाला लागतोय, असंच त्यांच्या तोंडावर दिसत होतं.

मग बाळाबाई. तिलाही तोच प्रश्न.

"कोंडाजी," ती म्हणाली. आवाज इतका खणखणीत निघाला की तिची तीच दचकली. "मी त्यांच्या घरी कामाला व्हते. बायकू ही, रंभाबाई. फोटू चुकून लागला. दावा भावानं करायला लावला, त्यो म्या मागं घेते."

जजसाहेबांनी मान हलवली. पुढं कुणी काही विचारलंच नाही. चार वर्षांचं काम दहा मिनिटांत उरकलं.

"मावशी, किती सहज बोललात!" बाहेर आल्यावर वकीलबाई म्हणाल्या. "आता निकाल आपलाच."

स्टँडवर येताच बाळाबाई बाकड्यावर टेकली.

"लई दमलीस का गं?" रंभाबाईनं विचारलं.

"अक्का, तुज्या तोंडून निघालं न्हाई त्यांचं नाव."

"जीभच वळंना. काय करू?"

"माजी वळली." बाळाबाईनं तोंडाला पदर लावला. "जन्मात एकदाच घेतलं म्या त्यांचं नाव. आन ते बी, ते माजं कुणी नव्हतं एवढं सांगायला."

पेन्शन मिळणार होती, आणि बाळाबाईला हुंदका आवरत नव्हता.