सिल्व्हेनच्या पोटावरचे अकरा बेडूक

शनिवारी सकाळी सव्वानऊ वाजता सिल्व्हेनच्या पोटावरून अकरा बेडूक उड्या मारत निघाले. एकेक तांदळाच्या दाण्याहून लहान. अंगणात जमलेल्या तीसेक माणसांनी छातीवर क्रूस काढला.

"मोजा," झाडपाल्याचा वैदू तेओदोर पोटावर दाबून धरलेलं शेवाळ झटकत म्हणाला. "नंतर म्हणाल, म्हाताऱ्याने फसवलं."

सिल्व्हेन चार दिवस तापाने फणफणत चटईवर पडून होता. डोळे हळदीसारखे पिवळे, पोटऱ्यांना हात लावू देईना. नर्स ऑदिल फाटकातून आली ती थेट त्याच्याकडे गेली. अळवाच्या वाफ्यात अनवाणी राबणारा माणूस, हा ताप, हे डोळे. माहे बेटावर या दुखण्याचं नाव कोणीही सांगेल.

"लघवी कधी झाली याला?"

"काल सकाळी," त्याची आई फिलोमेन म्हणाली.

"मावशी, हा लेप्टो आहे. उंदराच्या मुतातून होतो. मूत्रपिंडं बंद पडतायत. गाडी बोलावते."

"सुई टोचली की बाहेर आलेले परत आत शिरतात," तेओदोर म्हणाला. "पिवळा पडलाय म्हणजे विष निघतंय. बाई, तू शिकलेली. सांग, पाण्याशिवाय बेडूक होतो? शेपटीवाली पिल्लं अळवाच्या पाण्यात सगळ्यांनी पाहिलीत. इथे पाणी कुठंय? मग हे आले कुठून?"

फिलोमेनने मुलाच्या पोटावरून हात फिरवला. "तू जा, ऑदिल. माझं पोर बरं होतंय."

ऑदिलचा बाप दालचिनीची साल सोलायला वरच्या रानात जायचा. तिथल्या कुजक्या पानांखाली तिने लहानपणी काय पाहिलं होतं, ते तिला आठवलं. तेओदोरच्या टोपलीत पुढच्या रोग्यासाठी शेवाळाची आणखी एक पुरचुंडी होती. ती तिने उचलली, चुलीजवळच्या नीरफणसावर ठेवली आणि तळहाताने दाबली.

"ठेव ते," तेओदोर पहिल्यांदाच घाईने बोलला.

तिने शेवाळ उलगडलं. आत भिजल्या साबुदाण्यासारखे पारदर्शक मणी. एक फुटला, मग दुसरा. नीरफणसावरून नऊ बेडूक उड्या मारत निघाले.

"या नीरफणसाला कसला ताप होता, आजोबा?"

"कावीळ असेल," मागून कोणीतरी म्हणालं. अंगण हसलं. फिलोमेनकडे बघूनही हसलं.

"रानातला हा बेडूक पाण्यात जातच नाही," ऑदिल म्हणाली. "अंडी ओल्या पानांखाली घालतो. पिल्लू अंड्यातच पुरं वाढतं. भरलेलं अंडं दाबलं की फुटतं. म्हातारा ती वेचून आणतो. तुम्ही बेडूक मोजलेत, पण शेवाळ कोणी उलटून पाहिलं?"

"त्याने हात लावू नका म्हटलं होतं," गर्दीतून कोणी म्हणालं.

"मग तिथेच आधी बघायचं."

तेओदोरने टोपली काखेत मारली. जाताना फिलोमेनपाशी वाकून म्हणाला, "बरा होत होता. आता गेला तर तुम्ही घालवलात."

गाडीत फिलोमेनने एकच विचारलं. "मंगळवारी आणला असता तर?"

"गोळ्यांवर भागलं असतं," ऑदिल म्हणाली.

तेओदोर शेजारच्या प्रालें बेटावर गेला. सोमवारी सकाळी त्याच्या दारात सात माणसं बसली होती. त्याच दिवशी दुपारी दोन वाजता सिल्व्हेन अजून डायलिसिसवरच होता. खाटेला लावलेली लघवीची पिशवी रिकामी होती.