शिट्टीबाईचं रडणं

नायिका कोण होती हे लोक विसरले, पण शिट्टीबाईचं रडणं कुणी विसरलं नाही. मोलकरीण असो, खाष्ट सासू असो की नायकाची बहिरी मावशी, शेवटच्या अंकात ती एकदा रडायचीच. आधी उचकी, मग आत ओढलेला लांबलचक श्वास आणि शेवटी नाकातून बारीक शिट्टी. लोक नाट्यगृह डोक्यावर घ्यायचे. नाटकातून सिनेमात गेली तीही त्या शिट्टीच्या जिवावर, आणि नाव पडलं तेही शिट्टीचंच.

ते रडणं तिचं नव्हतंच मुळी. ते तिच्या ताईचं. बापाचा मार खाऊन ताई दाराआड अशी रडायची, कारण मोठ्याने रडलं तर आणखी पडायचे. एका तालमीत दिग्दर्शक "काहीतरी वेगळं द्या हो" म्हणून अडून बसला, तेव्हा हिच्या तोंडून ते निघून गेलं. पहिल्या प्रयोगाला ताई आणि भाऊजी पुढच्याच रांगेत होते. लोक पोट धरधरून हसले. त्यानंतर ताई तिच्यासमोर कधी रडली नाही, आणि कामापुरतंच बोलली. माफी मागायला हिने कितीदा तोंड उघडलं, पण दर वेळी काहीतरी विनोद करून मोकळी झाली. सवय मेली, दुसरं काय!

भाऊजी गेल्याचा भाचीचा फोन आला तेव्हा ती मेकअपच्या खुर्चीत होती. अर्धा रंग तोंडावर तसाच ठेवून धावली. ती पोचेपर्यंत भाऊजींना नेऊन लोक परतलेही होते. खोलीत शेजारीपाजारी दाटीवाटीने बसले होते आणि ताई भिंतीला टेकून, ओठ घट्ट मिटून.

"आई रडतच नाहीये गं मावशी," भाची कुजबुजली. "म्हणते, लोक आहेत."

उभा जन्म शिट्टीबाईने याच लोकांना त्या आवाजावर हसायला शिकवलं होतं.

ती ताईजवळ बसली, तिचा हात धरला. ताईने तो काढून घेतला.

"तू कशाला आलीस?" एवढं म्हणेपर्यंत ताईचा बांध फुटला. उचकी. श्वास. शिट्टी.

कोपऱ्यात कुणीतरी फिसकन हसलं. त्या बाईने लगेच तोंडावर पदर दाबला, पण शेजारणीलाही आवरेना. ताईने श्वास कोंडला. तिचा चेहरा काळानिळा पडला.

मग शिट्टीबाई रडली. रंगमंचावर कधी रडली नव्हती एवढ्या मोठ्याने, छाती बडवत, शिट्टीवर शिट्टी. सगळी खोली तिच्याकडे वळली. आधी हसू फुटलं, मग संताप.

"मयताच्या घरी तरी नाटकं नकोत!" भाऊजींचे थोरले भाऊ गरजले. "लाज आहे का काही?"

"नाही हो, कुठून असणार!" म्हणत तिने आणखी गळा काढला. त्या गदारोळात ताई ओक्साबोक्शी रडत होती, आणि तिच्याकडे कुणाचंही लक्ष नव्हतं.

थोरल्यांनी दंडाला धरून तिला बाहेर काढलं. तरी ती जिन्यात उभी राहून, बंद दाराला तोंड लावून रडत राहिली. आवाज बाहेरूनच येतोय असं आतल्यांना वाटायला हवं होतं.

बऱ्याच वेळाने दार उघडलं. ताईचे डोळे सुजले होते.

"झालं माझं," ती म्हणाली. "जा आता तू."

दार लागलं. शिट्टीबाई जिना उतरू लागली. मधल्याच पायरीवर तिला भडभडून आलं. स्वतःसाठी रडावं म्हणून तिने तोंड उघडलं, तर आधी उचकीच आली. तिने तोंड मिटून घेतलं. दुसरं रडणं तिला येतच नव्हतं.